बुजगावण्याचा हयातीचा दाखला: चाळीस सेकंदांची कागदी फिल्म

कागदी पात्रं थोडी थोडी सरकवत एकेक फोटो काढायचा आणि ते फोटो सलग चालवायचे, अशी ही फिल्म. काळ्या विनोदाच्या फिल्ममध्ये अशक्य गोष्ट एकच ठेवा, बाकी सगळं रोजचं. शेतातलं बुजगावणं हयातीच्या दाखल्यासाठी कचेरीत येतं, एवढंच अशक्य. स्टॅम्प पॅड, दोऱ्यानं बांधलेला पेन, कॅलेंडर हुबेहूब. बाबू म्हणतो, "अंगठा लावा बाप्पा." ठसा उमटत नाही, उलट दर वेळी हातातलं तणस गळतं. शेवटी खुर्चीवर नुसता सदरा उरतो आणि बाबू 'हयात' असा शिक्का मारतो. हसू कारभाराचं यावं, मेलेल्याचं किंवा कर्जाचं नको. आपल्याकडे कित्येक घरांत ती जखम ओली आहे.

पात्रं जुन्या लग्नपत्रिकेच्या जाड कागदातून कापा, उंची वीतभर. दंड, हात, पंजा, मान वेगवेगळे. सांध्यात सुईनं भोक पाडून दोरा ओवा, दोन्हीकडे गाठ मारा. गाठ सैल राहिली की हात आपोआप घसरतो आणि सगळा शॉट वाया. गळणारं तणस मात्र खरंच घ्या, नखाएवढे तुकडे, चिमट्यानं सरकवा.

दोन डब्यांवर फळी टाकून मोबाइल खाली तोंड करून ठेवा. फोटो इअरफोनच्या बटणानं काढा, स्क्रीनला हात लागला की चौकट हलते. एक्सपोजर (उजेडाचं प्रमाण), फोकस, व्हाइट बॅलन्स (रंगाची छटा) लॉक करा, नाहीतर चित्र लुकलुकतं. शटर 1/50 सेकंद ठेवा, आपली वीज 50 हर्ट्झची असल्यानं एलईडीचे पट्टे मग सहसा येत नाहीत. खिडकी झाकून घ्या, पंखा बंद. अंगात गडद सदरा हवा, पांढऱ्याचा उजेड कागदावर पडतो. लाइन कधी जाईल नेम नसतो, म्हणून एक शॉट एका बैठकीत संपवा.

सेकंदाला 12 फोटो, म्हणजे 40 सेकंदांना 480.

खरी मेहनत थांबण्यात आहे. पंजा खाली यायला 6 फोटो, तणस गळायला 4, मग 12 फोटो कुणीही हलायचं नाही. बाबू फक्त एकदा पापणी मिटतो. तो दचकला तर विनोद तिथंच मेला, कारण त्याच्या लेखी हे रोजचंच काम आहे. दोनदा हेच, तिसऱ्यांदा ती स्तब्धता 24 फोटो करा: आता प्रेक्षक तणस गळायची वाट बघत असतो, आणि गळतो तो अख्खा हात.

संगीत नको. वाळकी पऱ्हाटी (कापसाचं झाड) मोडल्याचा कडकड आवाज बंद खोलीत रेकॉर्ड करा, तो हात तुटताना वापरा. शिक्क्याचा ठप्प आवाज शिक्का टेकलेल्या फोटोच्या एक फ्रेम आधी आला तर खोटा वाटतो. तो बरोबर त्याच फ्रेमवर बसवा. नंतर रिकाम्या सदऱ्यावर 18 फोटो, आणि चौकटीबाहेरून बाबूची हाक: "पुढचा या."