गुन्हा सिद्ध, आरोपी निर्दोष: आंतरराष्ट्रीय खटल्यांची फाईल तयार करताना या चुका टाळा

काँगोच्या इतुरी भागातल्या बोगोरो गावावर २४ फेब्रुवारी २००३ रोजी हल्ला झाला. माणसे मारली गेली, घरे लुटली गेली. या एकाच हल्ल्यासाठी हेगच्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयात दोघांवर खटला चालला. जर्मेन कटांगा २०१४ मध्ये दोषी ठरला, त्याला १२ वर्षांची शिक्षा झाली. मात्यू न्गुद्जोलो डिसेंबर २०१२ मध्येच सुटला. बोगोरोत गुन्हे घडले याबद्दल न्यायाधीशांना शंका नव्हती. हल्ल्याच्या दिवशी न्गुद्जोलो हल्ला करणाऱ्या लढवय्यांचा प्रमुख होता, हे मात्र सिद्ध झाले नाही, कारण ज्या साक्षीदारांवर अभियोक्त्याची (आरोप मांडून खटला चालवणाऱ्या अधिकाऱ्याची) भिस्त होती ते विश्वासार्ह ठरले नाहीत.

मानवी हक्क संघटनांत काम करणारे, कायद्याचे विद्यार्थी, वार्ताहर, दुभाषी, सगळ्यांची मेहनत साधारण याच जागी वाया जाते. क्रौर्याचे पुरावे ढीगभर जमतात आणि त्या क्रौर्यापासून आरोपीपर्यंतचा रस्ता रिकामा राहतो.

आधी दार बरोबर आहे का पाहा

हेगमधल्या दोन न्यायालयांची मराठी बातम्यांत सर्रास अदलाबदल होते. कुलभूषण जाधव यांचे प्रकरण आंतरराष्ट्रीय न्यायालयात चालले. तिथे देश देशाविरुद्ध उभा राहतो. प्रश्न होता तो १९६३ च्या व्हिएन्ना कराराप्रमाणे जाधव यांना भारतीय वकिलातीची मदत मिळू दिली का, आणि १७ जुलै २०१९ चा निकाल पाकिस्तान या देशाविरुद्ध लागला. आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय ही निराळी संस्था आहे. १९९८ च्या रोम करारातून ती जन्मली, आणि तिच्यापुढे माणसे आरोपी असतात.

तिथे माहिती पाठवायची असेल तर आधी या प्रश्नांची उत्तरे लिहून काढा. गुन्हा चारपैकी कोणता: वंशसंहार, मानवतेविरुद्धचा गुन्हा, युद्धगुन्हा की आक्रमण? तो १ जुलै २००२ नंतरचा आणि संबंधित देशाच्या सदस्यत्वाच्या काळातला आहे का? तो सदस्य देशाच्या भूमीवर घडला, किंवा आरोपी सदस्य देशाचा नागरिक आहे का? दोन्ही नसेल, तर सुरक्षा परिषदेने प्रकरण सोपवले आहे का, किंवा त्या देशाने खास घोषणा करून न्यायालयाचा अधिकार मान्य केला आहे का?

इथे दोन चुका वारंवार दिसतात. पहिली म्हणजे ‘देश सदस्य नाही, म्हणजे त्याच्या नागरिकांना धक्का नाही’ ही समजूत. म्यानमार सदस्य नाही, बांगलादेश आहे. रोहिंग्यांना सीमेपार हाकलण्याचा गुन्हा बांगलादेशच्या भूमीवर पुरा होतो, म्हणून न्यायालयाला अधिकार आहे, असे सप्टेंबर २०१८ मध्ये ठरले. भारतही सदस्य नाही, पण भारतीय नागरिकाने सदस्य देशाच्या भूमीवर असा गुन्हा केला तर त्यालाही हेच लागू होते. (आक्रमणाच्या गुन्ह्याचे नियम याहून बरेच अरुंद आहेत.) दुसरी चूक तारखांची. फिलिपिन्स १७ मार्च २०१९ रोजी करारातून बाहेर पडले, तरी तिथले माजी राष्ट्राध्यक्ष रॉड्रिगो दुतेर्ते यांना मार्च २०२५ मध्ये अटक होऊन हेगला नेण्यात आले, कारण अटक वॉरंटमधला काळ १ नोव्हेंबर २०११ ते १६ मार्च २०१९ असा आहे. एका दिवसाने पुढची घटना त्या चौकटीत बसत नाही. म्हणून प्रत्येक घटनेपुढे तारीख लिहा, आणि ती कशावरून ठरवली तेही लिहा.

हेगचे दार बंद असेल तर राष्ट्रीय न्यायालयांकडे वळा. दमास्कसच्या अल-खतीब कोठडीतल्या छळाबद्दल अन्वर रस्लान याला जर्मनीतल्या कोब्लेंझच्या न्यायालयाने १३ जानेवारी २०२२ रोजी जन्मठेप दिली. गुन्हा सीरियातला, आरोपी सीरियाचा, पण तो राहत होता जर्मनीत. भारतात ही वाट फार अरुंद आहे. वंशसंहार आणि मानवतेविरुद्धचे गुन्हे आपल्या देशाच्या कायद्यात आलेलेच नाहीत, ही उणीव दिल्ली उच्च न्यायालयाने १९८४ च्या शीखविरोधी हत्याकांडासंबंधीच्या निकालात, १७ डिसेंबर २०१८ रोजी, स्पष्ट शब्दांत नोंदवली.

नाव आधी, पुरावा नंतर

आपल्या वर्तमानपत्रांत ‘नरसंहार’ हा शब्द कोणत्याही मोठ्या हत्याकांडाला लावतात. कायद्यातला वंशसंहार मृतांच्या संख्येवर ठरत नाही. राष्ट्रीय, वांशिक, वर्णीय किंवा धार्मिक गट, त्या गटाचा म्हणून, पूर्णतः किंवा अंशतः नष्ट करण्याचा हेतू सिद्ध करावा लागतो. राजकीय गट या व्याख्येत येत नाहीत. अहवालाच्या पहिल्याच पानावर ‘वंशसंहार’ लिहिले की पुढचे सगळे पुरावे त्या शब्दाला पुरे पडतात की नाही यावरच जोखले जातात. मग मानवतेविरुद्धचा गुन्हा म्हणून सहज टिकणारी फाईलही कमजोर दिसू लागते. त्या गुन्ह्यासाठी नागरिकांवरचा व्यापक किंवा पद्धतशीर हल्ला आणि त्यामागचे राज्याचे किंवा संघटनेचे धोरण दाखवावे लागते, युद्ध चालू असण्याची अट नाही. युद्धगुन्ह्याला उलट सशस्त्र संघर्षाशी संबंध लागतोच. घटना आधी लिहा, नाव शेवटी ठरवा.

आरोपीपर्यंतचा रस्ता

सगळ्यात जास्त वेळ द्यायचा तो इथे, आणि प्रत्यक्षात सगळ्यात कमी दिला जातो तोही इथेच. शंभर पीडितांचे जबाब एकच गोष्ट शंभरदा सांगतात: गणवेशातली माणसे आली, त्यांनी मारले. ती माणसे कोणत्या तुकडीची, तुकडीला हुकूम कोणाचा, पगार कोण देत होते, दारूगोळा कुठून आला, हे पीडिताला माहीत नसते. त्याची उत्तरे रुक्ष कागदांत मिळतात: गाड्यांची लॉगबुके, इंधनाच्या पावत्या, पगारपत्रके, बढतीचे आदेश, वायरलेस संदेशांच्या वह्या, पहारा बदलाच्या नोंदी. जबाब घेताना गणवेशाचा रंग, दंडावरची पट्टी, गाडीचा नंबर, बोलण्याची ढब, एकमेकांना मारलेल्या हाका हे आवर्जून टिपा. पुढे या बारीक गोष्टी त्या कागदांशी जुळवता येतात.

बोस्नियातल्या स्रेब्रेनित्साच्या खटल्यांत असेच जुळवत नेले. हे खटले माजी युगोस्लाव्हियासाठी नेमलेल्या वेगळ्या न्यायालयात चालले. जुलै १९९५ मध्ये मारलेल्या माणसांची प्रेते नंतर यंत्रांनी उकरून दूरच्या खड्ड्यांत पुरली होती. तज्ज्ञांनी माती, परागकण आणि काडतुसांची पुंगळी ताडून कोणता दुसरा खड्डा कोणत्या पहिल्या खड्ड्यातून भरला ते शोधले. कोझलुकच्या खड्ड्यात बाटल्यांच्या कारखान्याची हिरवी काच होती, आणि तीच काच दुसऱ्या खड्ड्यात सापडली. आकाशातून घेतलेल्या छायाचित्रांत माती कधी उकरली ते दिसत होते. इतकी यंत्रे आणि इतके इंधन वरिष्ठांना नकळत वापरले जात नाही, हा मुद्दा अशा पुराव्यातून उभा राहतो.

वरिष्ठाची जबाबदारी मांडताना ‘तो प्रमुख होता’ यापुढे फाईल जात नाही, हा आणखी एक नेहमीचा दोष. रोम कराराच्या कलम २८ मध्ये हाताखालच्यांवर प्रत्यक्ष नियंत्रण, त्यांच्या कृत्यांची जाणीव (लष्करी अधिकाऱ्याच्या बाबतीत, जाणीव असायला हवी होती एवढेही पुरते), आणि शक्य ते उपाय न करणे, हे सगळे लागते. काँगोचे नेते ज्याँ-पिएर बेंबा यांना मध्य आफ्रिकी प्रजासत्ताकातल्या त्यांच्या सैनिकांच्या गुन्ह्यांसाठी २०१६ मध्ये १८ वर्षांची शिक्षा झाली. ८ जून २०१८ रोजी अपिलात ३ विरुद्ध २ मतांनी ती रद्द झाली. दूर परदेशात सैन्य असताना त्यांना काय शक्य होते याचा विचार नीट झाला नव्हता, आणि दोषारोपात नसलेल्या काही कृत्यांसाठीही त्यांना दोषी धरले होते, असे बहुमताचे म्हणणे होते. तेव्हा आरोपीने केलेल्या चौकश्या, लिहिलेली पत्रे, दिलेल्या शिक्षा हेही गोळा करा, आणि ते उपाय अपुरे का होते ते पुराव्याने दाखवा. बचाव पक्ष ते काढणारच आहे.

तोफगोळ्यांच्या खड्ड्यांबाबत क्रोएशियाचे सेनापती आन्ते गोतोविना यांचा, माजी युगोस्लाव्हियासाठीच्या त्याच न्यायालयातला, खटला प्रत्येकाने अभ्यासावा. लष्करी लक्ष्यापासून २०० मीटरपलीकडे पडलेले गोळे बेकायदा माऱ्याचे लक्षण मानून त्यांना २४ वर्षांची शिक्षा झाली. नोव्हेंबर २०१२ मध्ये अपील खंडपीठाने विचारले, २०० हा आकडा आला कुठून? त्याला पुराव्याचा आधार सापडला नाही आणि त्यावर रचलेला सगळा डोलारा कोसळला. खड्ड्याचा फोटो घ्याल तेव्हा शेजारी मोजपट्टी ठेवा, दिशा आणि जीपीएस नोंदवा, परिसरातली लष्करी ठिकाणेही नकाशावर दाखवा. अचूकतेचा आकडा मात्र स्वतः ठरवू नका, ते तोफखान्याच्या तज्ज्ञाचे काम.

जबाब: एकदा, आणि शक्य तर तुम्ही नाही

एखाद्या बाईने आपल्यावरचा अत्याचार वार्ताहराला सांगितला, मग संघटनेला, मग दुसऱ्या संघटनेला, मग तपास अधिकाऱ्याला, की चार लेखी कथने तयार होतात. चारही खरी असली तरी तारीख, वेळ, माणसांची संख्या कुठेतरी हलतेच. उलटतपासणीत नेमके तेवढेच वाचून दाखवतात. तिला पुन्हापुन्हा त्या प्रसंगातून जावे लागते ते वेगळेच. म्हणून फौजदारी न्यायालयाच्या अभियोक्ता कार्यालयाने आणि युरोजस्टने (युरोपीय संघाची फौजदारी न्यायातील सहकार्याची संस्था) २०२२ मध्ये संघटनांसाठी काढलेल्या मार्गदर्शिकेत सविस्तर जबाब शक्यतो घेऊ नका, मुले आणि लैंगिक अत्याचाराच्या पीडितांचा तर नकोच, असा सल्ला आहे.

मग घ्यायचे काय? पहिल्या भेटीची टिपण एका पानात बसते. संपर्काचा सुरक्षित मार्ग, घटना कुठली आणि कधीची, भाषा, याआधी कोणाला सांगितले, जखमेचे किंवा इतर कोणते कागद जवळ आहेत, आणि माहिती कोणाला द्यायला त्या व्यक्तीची हरकत नाही. संमती वेगवेगळी विचारा: संघटनेकडे ठेवायला, राष्ट्रीय पोलिसांना द्यायला, हेगला पाठवायला, प्रसिद्ध करायला. ‘सगळ्याला हो’ अशी एकच सही नंतर उपयोगी पडत नाही.

मध्यस्थांबाबत विशेष जपा. काँगोतल्या सशस्त्र गटाचा प्रमुख थॉमस लुबांगा याच्यावरच्या, मुलांना सैनिक म्हणून भरती केल्याच्या खटल्यात तपास अधिकाऱ्यांनी साक्षीदार शोधण्याचे काम स्थानिक मध्यस्थांवर सोपवले होते. त्यांच्यापैकी काहींनी खोटे बोलायला लावले असावे, असे न्यायाधीशांना वाटले. बालसैनिक म्हणून पुढे आलेल्या बहुतेकांच्या साक्षींवर विसंबता आले नाही. मार्च २०१२ मध्ये लुबांगा दोषी ठरला तो इतर साक्षींवर आणि व्हिडिओंवर. त्यातल्या एकात, १२ फेब्रुवारी २००३ च्या, तो र्वाम्पारा छावणीत नवभरतीसमोर बोलताना दिसतो. मध्यस्थाने ओळख करून द्यावी, प्रश्न विचारू नयेत, आणि त्याला दिलेल्या प्रत्येक पैशाची पावती ठेवावी.

दुभाष्यांनी मूळ शब्द जपावेत. रवांडासाठीच्या वेगळ्या आंतरराष्ट्रीय न्यायालयातल्या अकायेसू खटल्यात बलात्कारासाठी किन्यारवांडा भाषेतले निरनिराळे शब्द साक्षीदारांच्या तोंडी आले आणि त्यांचे अर्थ ठरवायला न्यायालयाला भाषातज्ज्ञ लागला. आपल्याकडे ‘इज्जत घेतली’, ‘वाईट वागले’ असे बोलतात तसेच जगभर. भाषांतरात स्वतःहून कायदेशीर शब्द घालू नका. बोललेला शब्द तसाच लिहा आणि अर्थ वेगळ्या ओळीत द्या.

गुप्ततेचे वचन देतानाही भान हवे. याच लुबांगा खटल्यात संयुक्त राष्ट्रे आणि इतरांकडून गुप्ततेच्या अटीवर घेतलेले २०० हून अधिक कागद बचाव पक्षाला दाखवता येईनात. त्यांत आरोपीच्या बाजूचा मजकूर होता. जून २००८ मध्ये न्यायाधीशांनी खटलाच थांबवला, तो सुरू झाला जानेवारी २००९ मध्ये. आरोपीला उपयोगी पडेल असा पुरावा उघड करणे अभियोक्त्यावर बंधनकारक आहे. ‘हे कोणालाच कळणार नाही’ असे साक्षीदाराला सांगू नका.

व्हिडिओ

लिबियाचा महमूद अल-वेरफल्ली याच्याविरुद्धचे ऑगस्ट २०१७ चे वॉरंट मुख्यतः सोशल मीडियावरच्या हत्यांच्या व्हिडिओंवर उभे होते. त्याच वर्षी यूट्यूबच्या स्वयंचलित गाळणीने सीरियातले असंख्य व्हिडिओ काढून टाकले. तेव्हा दुवा जपून भागत नाही, फाईल उतरवून घ्यावी लागते. पानाचा पूर्ण पत्ता, खात्याचे नाव, उतरवल्याची तारीख-वेळ, खालच्या प्रतिक्रियांसह पानाची प्रत, आणि लगेच काढलेला एसएचए-२५६ हॅश (फाईलवरून संगणकाने काढलेली आकडे-अक्षरांची खूण). फाईलमध्ये एक बिटही बदलला तर हॅश बदलतो, म्हणून पुढे छेडछाड झाली नाही हे दाखवता येते. मूळ फाईल उघडू नका, प्रतीवर काम करा, दोन प्रती दोन ठिकाणी ठेवा, आणि कोणी कधी हाताळली याची वही ठेवा.

व्हॉट्सॲपवर व्हिडिओ म्हणून आलेली फाईल दाबून लहान केलेली असते आणि तिच्यातली चित्रीकरणाची माहिती बहुधा गेलेली असते. चित्रीकरण करणाऱ्याकडे मूळ फोन असेल तर तो जपायला सांगा, निदान फाईल ‘डॉक्युमेंट’ म्हणून मागवा. मूळ मिळतच नसेल तर डोंगराची रेघ, मिनार, सावल्यांची दिशा यांवरून जागा आणि वेळ ठरवा, आणि प्रत्येक पायरी लिहून ठेवा.

पीडितांना काय सांगाल

हेगला माहिती पाठवणे म्हणजे पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदवणे नव्हे. ती कोणीही पाठवू शकतो, पण तपास सुरू करायचा की नाही हे अभियोक्ता ठरवतो. वॉरंट निघाले तरी न्यायालयाकडे पोलीस नाहीत. सप्टेंबर २०२४ मध्ये व्लादिमिर पुतिन नावावर वॉरंट असूनही सदस्य देश असलेल्या मंगोलियात जाऊन परतले. आरोपी हाती नसताना खटला चालत नाही. फाशी नाही, कमाल शिक्षा ३० वर्षे किंवा जन्मठेप. हे पहिल्याच भेटीत सांगायला हवे.

भरपाईबद्दलही स्पष्ट बोला, कारण तिचा आदेश दोषसिद्धीनंतरच निघतो. युगांडाच्या डॉमिनिक ओंग्वेन याच्या खटल्यात फेब्रुवारी २०२४ मध्ये सुमारे ५.२४ कोटी युरोंची भरपाई ठरली. बेंबाच्या खटल्यात ५,२२९ पीडितांना सहभागाची परवानगी मिळाली होती. त्यांनी वर्षानुवर्षे वाट पाहिली, आणि २०१८ च्या त्या अपिलानंतर न्यायालयाला त्यांच्यासाठी भरपाईचा आदेश देता आला नाही. पीडितांसाठीच्या विश्वस्त निधीने पुढे मध्य आफ्रिकी प्रजासत्ताकात मदतीचा वेगळा कार्यक्रम हाती घेतला.