एमएमसीचं रिन्यूअल: फॉर्म सोपा, पॉइंटचा हिशेब अवघड

एकदा रजिस्ट्रेशन नंबर मिळाला की जन्माची सोय झाली, असं धरून चालणारे डॉक्टर अजूनही भेटतात. महाराष्ट्र मेडिकल कौन्सिलची (एमएमसी) नोंदणी पाच वर्षांची असते. ती पुढे चालू ठेवायची तर त्या पाच वर्षांत सीएमईचे, म्हणजे डॉक्टरांच्या निरंतर शिक्षणाच्या कार्यक्रमांचे, 30 क्रेडिट पॉइंट जमलेले लागतात. हा लेख एमबीबीएस आणि त्यापुढच्या मंडळींसाठी आहे. आयुर्वेद, होमिओपॅथी, डेंटल यांची कौन्सिलं वेगळी, गोव्याचंही वेगळं. तिथल्या मित्राने सांगितलेलं इथे लावू नका.

सुरुवात तारखेपासून. फ्रेममधलं प्रमाणपत्र खाली उतरवा आणि मुदत कधी संपते ते वाचा. नोंदणी क्रमांकातल्या सालावरून हिशेब मांडू नका. त्यात समजा 2009 असेल, तर ते पहिल्या नोंदणीचं साल आहे, मुदत मात्र शेवटच्या रिन्यूअलवरून ठरते. तारीख कळली की तिच्या तीन महिने आधी अर्ज करायचा असं ठरवून टाका. मुदत उलटल्यावर विलंब शुल्क लागतं, पण खरी अडचण पैशांची नसते. हॉस्पिटलचं पॅनेल, इंडेम्निटी विमा (रुग्णाने भरपाई मागितली तर कामी येणारा), कोर्टातली साक्ष, सगळीकडे चालू तारखेचं प्रमाणपत्र मागतात.

मग कौन्सिलच्या संकेतस्थळावर आपलं खातं उघडा. त्यातला मोबाइल नंबर आणि ई-मेल आजही तुमच्याच वापरातले आहेत ना, एवढं बघा.

आता पॉइंट. बहुतेकांची गाडी इथेच अडते, आणि सगळ्यात वाईट सल्लेही इथेच मिळतात.

पहिली गोष्ट, पॉइंट कौन्सिल देतं, आयोजक देत नाही. कार्यक्रम घेणारी संस्था कौन्सिलकडे मान्यताप्राप्त असावी लागते आणि त्या-त्या कार्यक्रमाला पॉइंट मंजूर झालेले असावे लागतात. निमंत्रणावर ‘क्रेडिट पॉइंटसाठी अर्ज केला आहे’ असं छापलं असेल तर त्या दिवसापुरते ते शून्य समजा आणि आयोजकांना मंजुरीबद्दल सरळ विचारा. कंपनीच्या खर्चाने हॉटेलात होणाऱ्या संध्याकाळच्या व्याख्यानांना जेवण चांगलं असतं; मान्यता नसेल तर पॉइंट एकही नसतो. परराज्यातल्या परिषदेचे पॉइंट इथे आपोआप जमा होतील असंही गृहीत धरू नका, जाण्याआधी कौन्सिलकडे लेखी विचारा.

दुसरी गोष्ट, हजेरी. रजिस्टरवर नाव प्रमाणपत्रावर आहे तसंच लिहा, आडनाव-नाव-वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव, जे असेल ते, आणि नोंदणी क्रमांक सुवाच्य अक्षरात. आपलं प्रिस्क्रिप्शनचं अक्षर इथे चालत नाही. कार्यक्रमाला कौन्सिलचा निरीक्षक असतो, त्यामुळे सकाळी सही ठोकून ओपीडी गाठायची हुशारी करू नका.

तिसरी गोष्ट मला सगळ्यात जास्त छळून गेली. प्रमाणपत्र हातात असणं आणि पॉइंट खात्यात असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. एका परिषदेचं गुळगुळीत कागदावरचं, सहीशिक्क्याचं प्रमाणपत्र माझ्या फाइलमध्ये होतं, खातं मात्र कोरंच. आयोजकांनी पाठवलेल्या यादीत माझ्या नोंदणी क्रमांकातला एक आकडा चुकला होता. चूक कळायला वेळ लागला, आणि कळली तोवर त्या संस्थेचे पदाधिकारी बदलले होते. नवे सचिव जुन्यांकडे बोट दाखवायचे, जुने म्हणायचे कागदपत्रं सोपवली. चिठ्ठ्याचपाट्या करत अखेर दुरुस्ती झाली, पण रिन्यूअल तोंडावर असताना ते लचांड कोणाच्याही वाट्याला येऊ नये.

म्हणून माझा आग्रह आहे: कार्यक्रम झाला की महिन्याभरात खातं उघडून पॉइंट आले का बघा. नसतील तर आयोजकांना ई-मेल करा, सोबत प्रमाणपत्राची प्रत आणि नोंदणी क्रमांक जोडा. फोनवर ‘हो हो, करतो’ एवढंच मिळतं आणि पुढे दाखवायला काही उरत नाही. प्रमाणपत्रावर कार्यक्रमाची तारीख, मंजूर पॉइंट आणि कौन्सिलच्या मान्यतेचा उल्लेख आहे का, हेही तिथल्या तिथे तपासा. मूळ कागद रिन्यूअल हातात पडेपर्यंत फेकू नका.

‘शेवटच्या वर्षी उरकून टाकू’ हा सल्ला देणाऱ्याला सरळ गप्प करा. दिवसभर बसूनही मिळणारे पॉइंट एका हाताच्या बोटांवर मोजण्याइतके असतात. वर्षाला सहा धरले तर ओझं वाटत नाही, तीस एकदम गाठायचे तर दवाखाना बंद ठेवून गावोगाव फिरावं लागतं. आणि कोणी ‘पैसे द्या, प्रमाणपत्रं आणून देतो’ म्हणालं तर त्याला दारातूनच परत पाठवा. खोटा कागद सापडला तर प्रश्न रिन्यूअलचा राहत नाही, नोंदणीवरच येतो. शिकवायची आवड असेल तर व्याख्यान द्या, वक्त्यालाही पॉइंट मिळतात.

लग्नानंतर नाव बदललेल्या डॉक्टरांनी आधी कौन्सिलकडे नावबदल करून घ्यावा, मग रिन्यूअल. दोन्ही एकदम रेटायला गेलात तर दोन्ही अडकतात.

पॉइंट पूर्ण दिसले की उरलेलं काम चहा निवेपर्यंत होतं: फॉर्म भरा, फोटो-सही-कागद चढवा, शुल्क भरा, पावती जपून ठेवा. शुल्काचा आकडा संकेतस्थळावरचाच खरा, व्हॉट्सॲपवर फिरतो तो बहुधा जुना असतो. अर्ज परत आला तर त्यावरचा शेरा नीट वाचा. बहुतेक वेळा एखादी अस्पष्ट स्कॅनप्रत एवढंच कारण असतं.

ऑगस्ट 2024 मध्ये राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाचं नॅशनल मेडिकल रजिस्टर, म्हणजे देशभरातल्या डॉक्टरांची नोंदवही, सुरू झालं. त्यात नाव नोंदवलं म्हणजे रिन्यूअल झालं, असा समज मी बऱ्याच जणांच्या तोंडून ऐकलाय. तसं काही नाही. राज्य कौन्सिलचं रिन्यूअल वेगळं करावंच लागतं.

नवं प्रमाणपत्र आलं की विमा कंपनीला आणि तुम्ही जाता त्या प्रत्येक हॉस्पिटलला प्रत द्या. नोंदणी क्रमांक प्रिस्क्रिप्शन, दाखले आणि पावत्यांवर असणं डॉक्टरांसाठीच्या 2002 च्या आचारसंहितेपासून बंधनकारक आहे, तेव्हा नवं लेटरहेड छापताना तोही वगळू नका. मधल्या काळात एमडी किंवा डिप्लोमा झाला असेल तर तो रिन्यूअलने आपोआप चढत नाही. अतिरिक्त पात्रतेची नोंदणी वेगळा अर्ज करून घ्यावी लागते, आणि ती होईपर्यंत ती पदवी बोर्डावर रंगवू नका.