डंकलिऑस्टिअसबद्दल वाचताना या चुका टाळा

डंकलिऑस्टिअस या चिलखती माशावरचे बरेच लेख एकाच वाक्याने सुरू होतात: दहा मीटर लांबीचा राक्षसी मासा. सगळ्यात मोठी चूक इथेच होते. या माशाच्या फक्त डोक्यावर आणि छातीवर हाडांचं जाड कवच होतं आणि तेवढंच दगडात टिकलं. मागचा सांगाडा कूर्चेचा, तो जवळजवळ उरलाच नाही. मग लांबी आली कुठून? काही अंदाज शार्कच्या तोंडाच्या मापावरून काढले गेले. पण या माशांचं तोंड अंगाच्या मानाने शार्कपेक्षा पुष्कळ मोठं, म्हणून उत्तर फुगत गेलं. 2023 मध्ये जीवाश्म-अभ्यासक रसेल एंगेलमन यांनी डोळ्यापासून कवटीच्या मागच्या भागापर्यंतचं अंतर धरून हिशेब नव्याने मांडला, तेव्हा प्रौढ मासा साधारण 3.4 मीटर आणि सर्वांत मोठा 4 मीटरच्या आसपास निघाला. लांबीला कमी, पण अंगाने चांगलाच भरलेला. मला हा मासा जास्त पटतो. कुठलाही आकडा उतरवून घेण्याआधी तो कशावरून काढलाय ते बघा.

‘दात’ हा शब्दही जपून वापरा. फोटोत सुळ्यांसारखं दिसतं ते जबड्याचंच हाड आहे. तोंड मिटताना वरची आणि खालची पाती एकमेकांवर घासायची आणि धार आपोआप लागायची, आपण घरी दोन सुऱ्या एकमेकींवर घासतो तशी.

चित्रांत त्याच्या शेजारी डायनोसॉर नको. अमेरिकेतल्या ओहायोमधल्या ‘क्लीव्हलंड शेल’ या खडकाच्या थरातले हे जीवाश्म सुमारे 36 कोटी वर्षांपूर्वीचे, पहिले डायनोसॉर सुमारे 23 कोटी वर्षांपूर्वीचे. जुन्या लेखांत हाच मासा ‘डिनिक्थिस’ नावाने सापडतो. आजचं नाव 1956 चं आहे.

त्याला शार्कचा पूर्वजही म्हणू नका. चिलखती माशांचं नातं आपल्याकडेही येतं: 2013 मध्ये चीनमधल्या एन्टेलोग्नॅथस या चिलखती माशाचं वर्णन प्रसिद्ध झालं. अंगावर याच गटाचं कवच, पण जबड्याची हाडं अस्थिमत्स्यांसारखी (हाडांचा सांगाडा असलेल्या माशांसारखी), म्हणजे आपल्याही जबड्याच्या ओळखीची. हे वाचल्यापासून चिलखती मासे मला परके वाटत नाहीत.

सह्याद्रीच्या काळ्या पाषाणात मात्र याचं कवच शोधू नका. तो सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीचा थिजलेला लाव्हा आहे. कोणी नातेवाईक क्लीव्हलंडला असतील तर तिथल्या नॅचरल हिस्ट्री म्युझियममध्ये जाऊन कवटी बघा, आणि आधी पात्यांच्या कडा बघा.