सकाळी राजवाडा, दुपारी ख्लोंग: बँकॉकच्या एका दिवसाची तयारी

टूर लीडरच्या मुलाखतीला येणारी मुलंमुली बँकॉकबद्दल भरपूर पाठ करून येतात. चक्री घराणं, 1782, पाचूचा बुद्ध, सगळं घडाघडा. मग मी विचारते, "साडेआठला राजवाडा उघडतो. तुमच्या ग्रुपमध्ये चाळीस माणसं, निम्मी साठीच्या पुढची. नाश्ता किती वाजता लावाल?" इथे बहुतेक जण थांबतात. या कामात इतिहास लागतोच, पण घड्याळ, गुडघे आणि नदीचं पाणी हे तिन्ही आधी कळावे लागतात.

आपल्याकडच्या बहुतेक कंपन्यांच्या कार्यक्रमात हा दिवस ठरलेला असतो: सकाळी ग्रँड पॅलेस, जमलं तर वाट फो (थाईत 'वाट' म्हणजे देऊळ), दुपारी नदीपलीकडच्या थोनबुरीच्या कालव्यांतून लाँगटेल बोट, शेवटी वाट अरुण. माहितीपत्रकात राजवाडा आणि बोट अशी दोन वेगळी आकर्षणं छापलेली असतात. नवा लीडरही तशीच वेगवेगळी दाखवतो, आणि दुपारच्या बोटीत माणसं पेंगतात. माझं सगळ्या नव्यांना पहिलं सांगणं हेच, की ही एकच गोष्ट आहे आणि ती पाण्याची आहे.

राजवाड्यासमोरून वाहते ती चाओ फ्राया तिथे माणसांनी खोदलेली आहे. मूळ नदी पश्चिमेकडे मोठं वळण घेऊन जायची. सोळाव्या शतकात अयुथ्थया या तेव्हाच्या राजधानीच्या राजांनी जहाजांचा फेरा वाचावा म्हणून वळणाच्या मानेतून सरळ कालवा काढला. नदीने तोच रस्ता धरला, कालवा रुंदावत नदी झाला, आणि जुनं वळण अरुंद होत गेलं. तेच आजचे ख्लोंग बँकॉक नोई आणि ख्लोंग बँकॉक याई. ख्लोंग म्हणजे कालवा. दुपारी आपण ज्या 'कालव्यातून' फिरतो तो जुनी नदी, आणि सकाळी राजवाड्याच्या धक्क्यावरून जी 'नदी' बघतो तो जुना कालवा. एवढं एक वाक्य सकाळी बसमध्ये सांगून ठेवा. दुपारी लोक स्वतःहून प्रश्न विचारतात.

पुढचं त्यालाच जोडून येतं. 1767 मध्ये ब्रह्मदेशाच्या सैन्याने अयुथ्थया जाळलं. ताक्सिन राजाने पश्चिम तीरावर थोनबुरीत राजधानी केली. त्याच्यानंतर चक्री घराण्याचा पहिला राजा, म्हणजे पहिला राम, याने 1782 मध्ये ती पूर्व तीरावर आणली, कारण शत्रू यायचा तो पश्चिमेकडून आणि मध्ये नदीचा आयता खंदक. पूर्वेला नवा कालवा खोदून बेट पूर्ण केलं. तिथे राहणारी चिनी वस्ती साम्पेंगला हलवली, तेच आजचं चायनाटाउन. पडलेल्या अयुथ्थयाच्या विटा होड्यांतून वाहून आणून नवं शहर उभारलं. जलदुर्गांचं महत्त्व मराठी माणसाला वेगळं समजावून द्यावं लागत नाही, त्यामुळे हा भाग आपल्या ग्रुपला लगेच पटतो.

आता कामाचं. थायलंडमध्ये गाईडचा व्यवसाय थाई नागरिकांसाठी राखीव आहे. परवाना गळ्यात घातलेला स्थानिक गाईड ग्रुपबरोबर असावाच लागतो, आणि राजवाड्याच्या आवारात स्थळाची माहिती देण्याचं काम त्याचंच. आपण माणसं मोजायची, वेळ सांभाळायची, गाईडचं इंग्रजी कळलं नाही तर मराठीत समजावायचं. उत्साही मुलांना हे जड जातं. पण आवारात हात उंचावून भाषण ठोकलंत तर अडचणीत तुम्ही याल आणि कंपनीलाही आणाल. आपली गोष्ट आपण हॉटेलमध्ये, बसमध्ये, जेवणाच्या टेबलावर सांगावी. गाईडशी आदल्या संध्याकाळी दहा मिनिटं बोलून ठेवा: काय तुम्ही सांगणार, काय तो सांगणार. चांगला गाईड याने खूश होतो.

कपड्यांची सूचना आदल्या रात्री द्या, सकाळी पुन्हा द्या, बसमध्ये चढताना डोळ्यांनी तपासा. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत. साडीला अडचण नाही, बिनबाह्यांच्या ब्लाउजवर मात्र काहीतरी घ्यावं लागतं. खरी अडचण काकांची. बर्म्युडा घालून आलेल्या काकांना दारातून परत पाठवतात, आणि मग पँट विकत घेईपर्यंत अख्खा ग्रुप उन्हात उभा. परदेशी पाहुण्यांचं तिकीट 500 बाथ, आणि तिकीटविक्री साडेतीनला बंद. दाराबाहेर कोणी गोड बोलून "आज पॅलेस बंद आहे, मी दुसरं देऊळ दाखवतो" म्हणाला, तर तो टुकटुकवाला रत्नांच्या दुकानात नेणार हे लोकांना आधीच सांगून ठेवा. ही जुनीच युक्ती आहे आणि अजून चालते.

आत वाट फ्रा केओ, म्हणजे पाचूच्या बुद्धाचं मंदिर. मूर्ती नावाला पाचूची, प्रत्यक्षात हिरव्या जेड जातीच्या दगडाची, उंची अवघी 66 सेंटिमीटर. उंच मखरात बसलेली असल्याने लांबूनच दिसते. "एवढीशीच?" हा उद्गार ठरलेला. त्याआधीच सांगा की उन्हाळा, पावसाळा आणि हिवाळा अशा तीन ऋतूंची तीन वस्त्रं आहेत आणि ऋतू पालटला की राजा स्वतः ती बदलतो. देवाला ऋतूप्रमाणे पोशाख करणाऱ्या आपल्या लोकांना हे इतकं ओळखीचं वाटतं की मूर्तीचा आकार विसरला जातो. आत चपला नाहीत, फोटो नाही, आणि बसताना पाय मूर्तीकडे करायचे नाहीत.

पण मराठी ग्रुप सगळ्यात जास्त रमतो तो भोवतालच्या ओवऱ्यांत. तिथे भिंतीवर 178 चित्रांत अख्खं रामाकियेन, म्हणजे थाई रामायण, रंगवलं आहे. रावण इथे तोसाकांथ, आणि सीता त्याचीच टाकून दिलेली मुलगी. हनुमान पांढरा शुभ्र, खोडकर, आणि ब्रह्मचारी तर मुळीच नाही. सेतू बांधताना दगड पळवणाऱ्या सुवन्नमच्छा नावाच्या मत्स्यकन्येवर तो भाळतो आणि त्यांना मच्छानू नावाचा मुलगा होतो. गाईड हे सांगायला लागला की एखाद्या आजी हमखास रागावतात. रोज मारुतिस्तोत्र म्हणणाऱ्या माणसाला हे ऐकवायचं कसं? मी अशा वेळी मकरध्वजाची आठवण करून देते. आपल्याकडेही मारुतीला मुलगा आहेच की, घामाचा थेंब मासळीने गिळला म्हणून झालेला. मासळी दोन्हीकडे आहे, फक्त सांगणारे वेगळे. आजी हसतात, निदान चालायला लागतात. गाईडला खोटं पाडू नका आणि आजींनाही नाही.

राजघराण्याबद्दल विनोद, तुलना, गॉसिप काहीही नको, मराठीतूनही नको. थाई दंडविधानाच्या कलम 112 खाली राजाच्या अवमानाला तीन ते पंधरा वर्षांची कैद आहे. आपल्या ग्रुपमधला एखादा मिश्कील माणूस बसमध्ये सुरू झाला तर हसून विषय बदला, आणि नंतर बाजूला घेऊन स्पष्ट सांगा.

वाट फोमधला 46 मीटरचा निजलेला बुद्ध दाखवायचा असेल तर अकराच्या आत उरका. त्यानंतर दुपारच्या जेवणाला पाहुरात नावाचा भाग बरा पडतो. राजवाड्यापासून जवळ, मोठा गुरुद्वारा आणि भारतीय खाणावळींची वस्ती. शाकाहारी माणसाला इतरत्र 'भाजी' म्हणून मिळालेल्या ताटातही माशाचा सॉस अनेकदा असतो.

आता बोट. थाई लोक हिला 'रुआ हांग याओ' म्हणतात. गाडीचं इंजिन उघडंच मागे बसवलेलं, त्याला लांब दांडा आणि टोकाला पंखा. नावाडी तो दांडा उचलतो, फिरवतो, म्हणून अरुंद ख्लोंगात ती सहज वळते. आवाज इतका की बोलणं अशक्य. बोटीत माहिती सांगायचा बेत करणारा लीडर पहिल्या पाच मिनिटांत घसा बसवून घेतो. जे सांगायचं ते धक्क्यावर, बसायच्या आधी.

भाडं अख्ख्या बोटीचं आणि वेळेवर ठरतं, माणशी नाही. किती वेळ, कुठला मार्ग, कुठे थांबा, हे पैसे देण्याआधी नावाड्याकडून नक्की करून घ्या. चाओ फ्रायाला भरती-ओहोटी असते. ओहोटीला धक्क्याच्या पायऱ्या शेवाळी आणि बोट खूप खाली. भरतीला काही पूल इतके जवळ येतात की डोकं खाली घ्यावं लागतं. शिवाय थोनबुरीच्या ख्लोंगांना पाणी अडवणारी दारं आहेत. पूर रोखायला ती बंद केली की बोट थांबते, आणि पावसाळ्यात, विशेषतः सप्टेंबर-ऑक्टोबरात, मार्ग ऐनवेळी बदलतो. "अमुक देऊळ दाखवणारच" असं लोकांना कबूल करू नका. तासभर फिरवू म्हणा.

चढवताना एका वेळी एकच माणूस, पाय बोटीच्या मधोमध, काठावर नाही. वजनाप्रमाणे दोन्ही बाजू भरा. इथे भिडस्तपणा उपयोगाचा नाही: "काका, तुम्ही डावीकडे." लाइफ जॅकेट सगळ्यांना, "मला पोहता येतं" म्हणणाऱ्याला आधी. पदर, ओढणी, टोपी आवरून. मागे उघडं इंजिन फिरत असतं.

वाटेत बँकॉक नोईच्या मुखाजवळ राजनौकांचं संग्रहालय आहे, आणि वेळ असेल तर हेच एक थांबण्यासारखं ठिकाण, असं माझं मत. सकाळचा राजवाडा आणि दुपारचा ख्लोंग इथे एकत्र येतात. हंसमुखी सुफन्नाहोंग ही राजाची मुख्य नौका 1911 ची, एकाच सागवानी खोडातून घडवलेली. दुसरीच्या नाळेवर गरुडारूढ विष्णू आहे. या शोभेला ठेवलेल्या नाहीत. 27 ऑक्टोबर 2024 ला दहाव्या रामाच्या, म्हणजे आजच्या राजाच्या, बहात्तरीनिमित्त 52 नौकांची मिरवणूक या नदीतून निघाली होती. बुजऱ्या ग्रुपलाही गरुड दिसला की वाचा फुटते.

बाकी ख्लोंग आपोआप दाखवतो: खांबांवरची लाकडी घरं, दारातला टपालाचा डबा पाण्याकडे तोंड करून, कुंड्या, देवळापुढे पाव टाकला की उसळणारे मोठमोठे मासे. काठावर ऊन खात पडलेल्या घोरपडी दिसतात, चांगल्या पाच-सहा फुटी. "तानाजीची!" असं कोणीतरी म्हणतंच. ख्लोंग बांग लुआंगच्या बाजूला गेलात तर वाट पाकनामचा 69 मीटरचा बुद्ध घरांच्या वर दिसतो. तरंगता बाजार मात्र शहराजवळ तालिंग चानला भरतो तो शनिवार-रविवारी. मंगळवारच्या ग्रुपला विक्री विभागाने तो कबूल केला असेल तर ते भांडण मुंबईतच मिटवून निघा.

शेवटी वाट अरुण. पायऱ्या उभ्या आहेत. वर न जाणाऱ्यांना खाली सावलीत बसवून चिनी मातीच्या भांड्यांच्या तुकड्यांची नक्षी जवळून बघायला सांगा. ती खालूनच जास्त छान दिसते.

या क्षेत्रात यायचं कसं, हे सगळे विचारतात. पर्यटनाची पदवी असेल तर उत्तम. केंद्र सरकारची आयआयटीटीएम ही पर्यटन शिक्षणाची संस्था ग्वाल्हेरला आहे, आणि गोव्यातलं जलक्रीडा प्रशिक्षणाचं राष्ट्रीय केंद्र तिचाच भाग. बोटीवरची सुरक्षितता रीतसर शिकायची असेल तर तिकडे बघा. पदवी नसेल तरी दार बंद नाही. वर्षभर ऑपरेशन्सच्या टेबलावर बसा. रूमिंग लिस्ट (कोण कोणत्या खोलीत याची यादी), व्हाउचर, विमानतळावरचे फोन, आणि मे 2025 पासून थायलंडसाठी उतरण्याआधीच्या तीन दिवसांत भरायचं डिजिटल अरायव्हल कार्ड, हे सगळं हातून गेलं की लीडरचं निम्मं काम येतं. पहिल्या वर्षी पैसे बेताचे, मे महिना आणि दिवाळी घराबाहेर. घरच्यांशी हे आधी बोलून घ्या. रत्नांच्या कारखान्यात ग्रुप नेला तर कमिशन मिळतं, हेही कोणीतरी कानात सांगेल. तो दीड तास ख्लोंगाच्या वेळेतूनच जातो, हे लक्षात ठेवून ठरवा.