पेस ६ मध्ये १९७४चा वर्ल्डकप बसवण्याआधी

पेस ६, म्हणजे कोनामीचा प्रो इव्होल्यूशन सॉकर ६ हा फुटबॉलचा गेम, निघाला २००६ साली, पण जुना फुटबॉल खेळायचा तर माझा जीव अजून याच गेमवर आहे. मॉड (चाहत्यांनी गेम बदलण्यासाठी बनवलेल्या फायली) उतरला की त्या भराभर टाकून मोकळं व्हावंसं वाटतं. थांबा. आधी डॉक्युमेंट्समधला कोनामी फोल्डर उघडा आणि त्यातला सेव्ह फोल्डर अख्खा दुसऱ्या ड्राइव्हवर कॉपी करा. ऑप्शन फाइल त्यात असते: संघ, नावं, नंबर, तुम्ही रात्री जागून केलेलं एडिटिंग, सगळं त्या एका फायलीत. मॉडबरोबर येणाऱ्या फायलीचं नावही अगदी तेच. विंडोज विचारतं, बदलू का? बोट सवयीने 'हो'वर जातं आणि जुनी फाइल रीसायकल बिनमध्येही सापडत नाही. मागच्या वेळी माझी अशीच गेली.

डिस्कवर जागा, अनझिप, हे सांगायला नको. गेम मात्र प्रोग्राम फाइल्समध्ये ठेवू नका. परवानग्यांच्या भानगडीत मॉड बसल्यासारखा वाटतो आणि मैदानात काहीच बदललेलं नसतं. गेमच्या डॅट फोल्डरमधल्या एएफएस फायलींची (गेमचा डेटा यांत असतो) प्रत घ्या. गेमच्या एक्सईचीही, म्हणजे गेम सुरू करणाऱ्या फायलीचीही घ्या, कारण किटसर्व्हर (गेममध्ये नवे शर्ट वगैरे घालणारं जोड-सॉफ्टवेअर) तिलाच जोडला जातो. आणि सेव्ह फोल्डर? 'नंतर करू' म्हणत असाल तर इथेच थांबा, आत्ता करा.

जीडीबी फोल्डर (किटसर्व्हरचे शर्ट यात असतात) आणि ऑप्शन फाइल एकाच मॉडची हवी. किटसर्व्हर शर्ट शोधतो तो संघाच्या क्रमांकावरून, नावावरून नाही. दोन मॉडची सरमिसळ केलीत तर नेदरलँड्सचा नारिंगी शर्ट भलत्याच संघाच्या अंगावर दिसेल.

नीट बसलंय का ते नेदरलँड्सच्या नंबरांवरून लगेच कळतं. त्या संघाचे नंबर आडनावांच्या अक्षरक्रमाने दिले होते: १ नंबर फॉरवर्ड गेल्सकडे, गोलकीपर योंगब्लूटच्या पाठीवर ८, अपवाद फक्त क्रायफचा १४. गोलकीपरच्या पाठीवर १ दिसला तर ऑप्शन फाइल एक तर लोड झालेली नाही, नाहीतर ती करणाऱ्याने अभ्यास केलेला नाही. क्रायफच्या बाहीवर तेव्हा बाकीच्यांसारखे तीन नाही, दोनच पट्टे होते. ते शोधत बसू नका, गेम शर्ट संघाला देतो, एकेका खेळाडूला नाही. बॅकपास, म्हणजे आपल्याच खेळाडूने पायाने मागे दिलेला बॉल, गोलकीपरला हाताने उचलता येणार नाही, हेही आधीच सांगतो. ती बंदी १९९२ची, पण गेमच्या नियमांतच आहे, मॉडने जात नाही.

चेहरे, बॉल, स्टेडियम, आवाज: एकेक घाला, दर वेळी एक मॅच खेळून बघा. नवीन ऑप्शन फाइल टाकण्याआधी पुन्हा सेव्हची प्रत, दर वेळी. रिझोल्यूशन शेवटी. मॉड काढायचा झाला तर किटसर्व्हरच्या सेटअपमधूनच काढा, नुसता फोल्डर उडवलात तर एक्सईतला बदल तसाच राहतो.