‘आमचा ड्रोन नाटो मानकांचा’ असं लिहिण्याआधी या चुका टाळा

पुण्याजवळच्या भोसरी-चाकणच्या शेडमध्ये लष्करासाठी ड्रोन बनवू पाहणारी मुलं भेटतात, तेव्हा त्यांच्या माहितीपत्रकात एक ओळ हमखास असते : ‘नाटो मानकांनुसार’. मी विचारतो, कोणतं मानक? कितवी आवृत्ती? बहुतेक वेळा उत्तर येत नाही. मुलं हुशार आहेत, रात्र रात्र जागून काम करतात, म्हणूनच वाईट वाटतं. वेगवेगळ्या देशांची सैन्यं एकत्र आली की काय काय जुळवावं लागतं, हे पुण्याला नवं नाही. औंधच्या लष्करी तळावर २०१६ मध्ये १८ देशांचा ‘फोर्स १८’ सराव झाला, २०१८ मध्ये बिमस्टेक म्हणजे बंगालच्या उपसागराभोवतीच्या देशांचा आणि २०२३ मध्ये आफ्रिकी देशांबरोबरचा.

पहिली चूक म्हणजे स्टॅनॅगला प्रमाणपत्र समजणं. स्टॅनॅग हा नाटोच्या सदस्य देशांनी आपापसात केलेला करार आहे : अमुक मानक आम्ही सगळे पाळू. तांत्रिक मजकूर बहुधा वेगळ्या पुस्तिकेत असतो. ड्रोन आणि त्याचं नियंत्रण केंद्र यांनी एकमेकांशी कसं बोलायचं हे ठरवणाऱ्या स्टॅनॅग ४५८६ चा मजकूर एईपी-८४ या पुस्तिकेत आहे, आणि आवृत्ती बदलली की संदेशांची रचनाही बदलू शकते. भारत नाटोत नाही, त्यामुळे यातलं काही आपल्याला बंधनकारक नाही. तरी ते दाराशी आलेलं आहे. ऑक्टोबर २०२४ मध्ये भारताने अमेरिकेशी करार केलेली ३१ एमक्यू-९बी ही वैमानिकाविना उडणारी विमानं ज्या घराण्यातली आहेत, ते स्टॅनॅग ४६७१ डोळ्यांसमोर ठेवून घडवलं गेलं.

हाच ४६७१ आकडा मी एका १० किलोच्या क्वाडकॉप्टरच्या कागदावर पाहिला आहे. तो स्थिरपंखी आणि १५० किलोंहून जड यंत्रांच्या उड्डाणयोग्यतेसाठी आहे. हलक्या स्थिरपंखी यंत्रांसाठी ४७०३, जागेवरून उडणाऱ्या हलक्या यंत्रांसाठी ४७४६. वजनगटांचाही असाच घोळ होतो : हा १० किलोचा ड्रोन आपल्या २०२१ च्या ड्रोन नियमांत ‘स्मॉल’, नाटोत ‘मिनी’. परदेशी अधिकाऱ्यासमोर नुसतं ‘स्मॉल’ म्हणू नका, किलो सांगा.

सगळ्यात जास्त गोंधळ ‘इंटरऑपरेबल’, म्हणजे दुसऱ्याच्या यंत्रणेशी जुळवून काम करणारं, या शब्दाचा. ४५८६ मध्ये त्याच्या पाच पातळ्या आहेत. पहिलीत ड्रोनची माहिती दुसऱ्या कुणाकरवी मिळते. दुसरीत ती थेट ड्रोनकडून घेता येते. तिसरीत कॅमेऱ्याचा ताबा मिळतो, चौथीत ड्रोनचा, पण उड्डाण आणि उतरवणं सोडून. पाचवीत तेही. ‘आमचं सगळं जुळतं’ म्हणणाऱ्यांचं काम बहुधा दुसऱ्या पातळीवर थांबलेलं असतं. त्यात लाजण्यासारखं काही नाही, फक्त तसं लिहा. आणि संदेश जुळला म्हणजे दुवा, म्हणजे रेडिओ संपर्क, जुळला असं होत नाही. मित्रदेशाच्या सुरक्षित जाळ्यात शिरायला सांकेतिकीकरणाच्या चाव्या लागतात, आणि त्या सरकारांच्या करारातून येतात. अमेरिकेशी आपला सुरक्षित लष्करी संपर्कासाठीचा कॉमकासा करार २०१८ चा. तो दरवाजा कोणतीही कंपनी स्वतः उघडू शकत नाही.

आता एक स्वतः पाहिलेला बिघाड. एका चमूचा व्हिडिओ दुसऱ्या ग्राउंड स्टेशनवर स्वच्छ दिसत होता, पण नकाशावर त्याचा ठिपकाच येईना. दोन दिवस अँटेना, केबल, राउटर तपासण्यात गेले. दोष वेळेत होता. व्हिडिओसाठीच्या स्टॅनॅग ४६०९ प्रमाणे व्हिडिओसोबत जाणारी माहिती यूटीसी, म्हणजे जागतिक प्रमाणवेळेची असावी लागते. यांनी भारतीय वेळ भरली होती. साडेपाच तास पुढची वेळ असलेली ती माहिती समोरचं सॉफ्टवेअर टाकून देत होतं. चित्र दिसतंय आणि जागा दिसत नाही, असं झालं तर पहिल्यांदा घड्याळ बघा.

जागा दिसते पण उंची चुकते, तेव्हा संशय शून्यरेषेवर, म्हणजे उंची जिथून मोजली जाते त्या पातळीवर, घ्या. जीपीएस मूळ उंची देतो ती डब्ल्यूजीएस-८४ या पृथ्वीच्या गणिती पृष्ठभागापासून. नकाशे समुद्रसपाटीपासून मोजतात. आपल्याकडे समुद्रसपाटी त्या पृष्ठभागाच्या बरीच खाली आहे. पुण्यात फरक पन्नास मीटरांहून जास्त. मालवाहू ड्रोनच्या डोंगरउतारावरच्या फेरीत एवढी चूक जीव घेऊ शकते. माहितीच्या रचनेत दोन्ही उंचींना वेगळे रकाने आहेत, योग्य आकडा योग्य रकान्यात जातोय का ते टेकडीच्या माहीत असलेल्या माथ्यावर उभं राहून तपासा.

प्रशिक्षणाबद्दल थोडक्यात. डीजीसीएचं, म्हणजे नागरी हवाई वाहतूक महासंचालनालयाचं, रिमोट पायलट प्रमाणपत्र नागरी उड्डाणांसाठी आहे; ड्रोन नियम सैन्यदलांच्या ड्रोनना लागूच होत नाहीत. नाटोत चालकांचं किमान प्रशिक्षण स्टॅनॅग ४६७० ठरवतं. ‘आमचे पायलट प्रमाणित आहेत’ या वाक्यापुढे कुणाकडून आणि कशासाठी, हेही लिहा.

दुवा तुटला तर काय, हे प्रत्येक संयुक्त उड्डाणाआधी कागदावर हवं. किती सेकंदांनी दुवा तुटला असं धरायचं, ड्रोनने किती उंचीवर जायचं, कुठे घिरट्या घालायच्या, मग कोणत्या दिशेने परतायचं. तो कागद दोन्ही देशांच्या चालकांनी मोठ्याने वाचून दाखवावा. त्यावर उंचीच्या आकड्यापुढे फूट की मीटर, आणि समुद्रसपाटीपासून की जमिनीपासून, हे लिहिलेलं नसेल, तर ते लिहून होईपर्यंत इंजिन सुरू करू नका.