वावराचं क्षेत्रफळ कोडमधून काढताना: जिऑस आणि प्रोज कसं वापरावं

यवतमाळात बसून मी शेतांच्या नकाशांचं सॉफ्टवेअर लिहितो. पोरं धुऱ्याधुऱ्यानं फिरून मोबाइलवर वावराचे कोपरे घेतात आणि आमचा पायथन प्रोग्राम त्यातून क्षेत्रफळ काढतो. ऑफिसात नवीन कोणी लागलं की पहिल्याच आठवड्यात तक्रार येते, "सर, लायब्ररी गंडलीय." सहसा ती गंडलेली नसते. त्या पोरांसाठी हे लिहितोय.

आकारांचं गणित करणारी खरी लायब्ररी म्हणजे जिऑस. जावातल्या जेटीएस या लायब्ररीचं हे सी प्लस प्लसमधलं रूप. पोस्टजीआयएस (नकाशांचा डेटाबेस), क्यूजीआयएस (नकाशांचं सॉफ्टवेअर), शेपली (पायथनमधली आकारांची लायब्ररी), सगळे आतून हिलाच कामाला लावतात. विंडोजवर 'जिऑस.डीएलएल' आणि 'जिऑस_सी.डीएलएल' अशी फाइलींची जोडी दिसते. स्वतः सीमध्ये लिहिणार असाल तर 'सी' वाल्या फाइलशीच जोडणी करा. आवृत्ती बदलली तरी तिची फंक्शनं टिकतात, सी प्लस प्लसच्या बाजूला तशी हमी नाही.

आधी कुठली प्रत चालतेय ते बघा. एका मशीनवर तीन-तीन जिऑस असणं नेहमीचंच, कारण पिपनं (पायथनचा इन्स्टॉलर) टाकलेली शेपली स्वतःची प्रत सोबत आणते, क्यूजीआयएसची वेगळी, डेटाबेसची आणखी वेगळी. शेपलीत 'जिऑस व्हर्जन' छापून बघा, पोस्टजीआयएसमध्ये 'पोस्टजीआयएस फुल व्हर्जन' चालवा. आणि डीएलएल सापडत नाही म्हणून कुठल्यातरी साइटवरून फाइल उतरवून सिस्टिम फोल्डरात टाकू नका. नवीन व्हर्च्युअल एन्व्हायर्नमेंट करा, पुन्हा इन्स्टॉल करा, विषय संपला.

प्रोज म्हणजे एका पद्धतीचे निर्देशांक दुसऱ्या पद्धतीत बदलणारी लायब्ररी. तिचं दुखणं बहुतेकदा 'प्रोज.डीबी' या फाइलपाशी असतं. २०१९ मध्ये आलेल्या सहाव्या आवृत्तीपासून निर्देशांक पद्धतींची सगळी माहिती या एसक्यूलाइट फाइलमध्ये असते. दुसऱ्या एखाद्या प्रोग्रामनं 'प्रोज_लिब' हे एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल आपल्या फोल्डरकडे वळवून ठेवलं, की तुमची नवी प्रोज त्याची जुनी फाइल उघडते आणि अडते. व्हेरिएबल काढून टाका. ९.१ पासून त्याचं नाव 'प्रोज_डेटा' झालंय, म्हणून दोन्ही तपासा.

आता मुख्य गोष्ट. जिऑसला पृथ्वी माहीत नाही. तिच्यासमोर सपाट कागद असतो आणि तुम्ही दिलेले आकडे. मोबाइलचे अक्षांश-रेखांश तसेच दिले तर आमच्याकडच्या एक एकराचं क्षेत्रफळ ०.००००००३५ असं काहीतरी येतं, कारण ते चौरस अंशांत असतं. त्याला १११ किलोमीटरच्या वर्गानं गुणणारे महाभाग मी पाहिलेत. तसं करू नका. अक्षांशाचा एक अंश साधारण १११ किलोमीटर असला, तरी यवतमाळच्या अक्षांशावर रेखांशाचा अंश १०४ च्या आसपासच भरतो.

पायप्रोजनं (प्रोजचं पायथनमधलं रूप) आधी यूटीएममध्ये, म्हणजे पृथ्वीचे झोन पाडून प्रत्येक झोन सपाट धरून मीटरात मोजणाऱ्या पद्धतीत, रूपांतर करा, मग आकार शेपलीला द्या. पण झोन कुठला? ७२ ते ७८ रेखांश म्हणजे झोन ४३, त्याच्या पूर्वेला ४४. पुणे-नाशिकवाल्यांना ही डोकेदुखी नाही. आमच्या जिल्ह्यातून मात्र ७८ ची रेषा आरपार जाते: पुसद ४३ मध्ये, यवतमाळ शहर ४४ मध्ये. झोनच्या कडेला यूटीएमचं क्षेत्रफळ हेक्टरमागे सुमारे १६ चौरस मीटर जास्त येतं. मोबाइलचा बिंदूच चार-पाच मीटर इकडेतिकडे असतो, त्यापुढे हे काहीच नाही. तरी मी क्षेत्रफळासाठी यूटीएम वापरतच नाही. पायप्रोजमधलं 'जिऑड' थेट अक्षांश-रेखांशांवरून, पृथ्वीचा गोलावा धरून क्षेत्रफळ देतं. कोपरे घड्याळाच्या दिशेनं घेतले असतील तर उत्तर उणे येतं. घाबरू नका, चिन्ह काढून टाका. यूटीएम ठेवा बफर (आकाराभोवती ठरावीक अंतराचा पट्टा) आणि अंतरांसाठी.

रूपांतर करताना 'ऑलवेज एक्सवाय' खरं ठेवा आणि रेखांश आधी द्या. उलटापालट झाली की यवतमाळचं वावर थेट नॉर्वेच्या स्वालबार्ड बेटांपाशी जाऊन पडतं.

मग आकार वैध आहे का ते तपासा. कोपऱ्यांचा क्रम चुकला की चौकोनाची डमरू होते. क्षेत्रफळ मागितलं तर दोन्ही पाकळ्या एकमेकींना खातात, सारख्या असतील तर उत्तर चक्क शून्य, आणि एररही नाही! 'इझ व्हॅलिड रीझन' विचारा, रेषा कुठे छेदतेय तो बिंदूच ते सांगतं. जुन्या उत्तरांत 'बफर शून्य करा' असा सल्ला सापडेल. तो डमरूची एक पाकळी गुपचूप गिळतो. 'मेक व्हॅलिड' दोन्ही ठेवतं. पण वावर मुळात डमरूसारखं नाहीच ना? ज्यानं मोजलं त्याला फोन करा आणि क्रम दुरुस्त करा.

शेवटचं, धुऱ्यावरची विहीर. 'कंटेन्स' विचारलं तर ती वावरात नाही, कारण सीमेवरचा बिंदू त्याच्या लेखी आत नसतो. दोन भावांची वावरं तपासली तर विहीर कोणाचीच नाही, आणि सातबाऱ्यावर मात्र सामाईक. अशा ठिकाणी सीमेवरचा बिंदूही धरणारं 'कव्हर्स' वापरा. तेही पूर्ण भरवशाचं नाही, कारण दशांशाच्या शेवटच्या घरात बिंदू रेषेवरून किंचित सरकलेला असतो. म्हणून मी यूटीएममध्ये अंतर काढतो आणि ते पाच मीटरच्या आत असेल तर विहीर दोघांच्याही नावापुढे दाखवतो.

विहिरी हजारांनी असतील तर प्रत्येक विहीर प्रत्येक वावराशी ताडत बसू नका. 'एसटीआरट्री' (जवळचे आकार पटकन शोधून देणारी शेपलीतली सूची) बांधा, आधी जवळची वावरं तिच्याकडून मागवा आणि तेवढीच तपासा.